कोल्ट्रेनची दहा वर्षं

आमच्या शाखेत एक कारकून होता. लेजरच्या पानावर वरून खाली नुसती नजर फिरवायचा आणि तळाशी बेरीज लिहून मोकळा व्हायचा. आम्ही कॅल्क्युलेटरवर ताडून पाहायचो, तर एका पैशाचा फरक नसे. बॅलन्सिंगच्या दिवशी तो असला की सगळे वेळेवर घरी जात. पण पुढं पुढं दुपारनंतर त्याच्या टेबलाजवळ उभं राहवेना. तोंडाला वास, हातांना कंप, डोळे तांबारलेले. आधी तोंडी समज दिली, मग मेमो, मग चौकशी आणि शेवटी निलंबन. चौकशीचा अहवाल माझ्या अक्षरातला होता. सहा-सात महिन्यांनी, निवृत्तीला आलेल्या आमच्या मॅनेजरसाहेबांनी त्याला परत कामावर घ्यावं म्हणून वर शिफारस केली, तेव्हा त्यांच्या केबिनमध्ये जाऊन मी विरोधही केला. एकदा बुडालेलं खातं पुन्हा उघडू नये, असं माझं तेव्हाचं मत होतं.

त्याचं पुढं काय झालं ते शेवटी सांगतो. त्याच सुमारास जेवणाच्या सुट्टीत मी काळा घोड्याच्या ऱ्हिदम हाउसमध्ये चक्कर मारत असे. ते दुकान २०१६ साली बंद झालं. तिथून एकदा एक कॅसेट आणली, निव्वळ मुखपृष्ठावरचा गंभीर चेहरा पाहून. रात्री टेपरेकॉर्डरवर लावली, तर स्वयंपाकघरातून बायकोनं विचारलं की टेप अडकली आहे का! मलाही त्यातलं फारसं काही कळलं नव्हतं. एवढंच जाणवलं की हा माणूस वाजवत नाहीये, काहीतरी मागतो आहे. तो माणूस म्हणजे जॉन कोल्ट्रेन. त्याचं आयुष्य वाचून काढल्यावर मला माझा चौकशी अहवाल आठवत राहिला, तो अजून आठवतो.

सॅक्सोफोन आपल्याला परका नाही. जुन्या हिंदी गाण्यांत मनोहारी सिंग यांनी तो घरोघर पोचवला. पितळी अंगाचं, पण क्लॅरनेटसारखी वेताची पातळ पट्टी ओठात धरून फुंकायचं हे वाद्य अमेरिकेतल्या जाझ संगीतात राजासारखं नांदलं. जाझमध्येही एक मुखडा असतो आणि मुखड्यानंतर वादक जागच्या जागी सुचेल तसा विस्तार करतो. आपल्या बैठकीत बसलेल्या माणसाला ही कल्पना समजावून सांगावी लागत नाही.

कोल्ट्रेनचा जन्म २३ सप्टेंबर १९२६ चा, अमेरिकेच्या दक्षिणेतल्या नॉर्थ कॅरोलायना राज्यातल्या हॅम्लेट गावचा. तो वाढला जवळच्याच हाय पॉइंट या गावात, आजोबांच्या घरी. काळ्यांची शाळा वेगळी, बसायची जागा वेगळी, पाण्याचा नळही वेगळा, असा तो काळ. आईचे वडील चर्चमध्ये धर्मोपदेशक होते. वडील शिंपीकाम करायचे आणि हौसेनं तंतुवाद्यं वाजवायचे. आई चर्चमध्ये गायची, पियानो वाजवायची. म्हणजे भजन आणि प्रवचन हे त्या मुलाच्या कानावर पाळण्यातच पडलेलं.

जॉन बारा वर्षांचा असताना, १९३८-३९ च्या त्या काही महिन्यांत, त्या घरावर आभाळ कोसळलं. मावशी, आजी-आजोबा आणि वडील, सगळे एकामागून एक गेले. भरलं घर रिकामं झालं. आईला लोकांच्या घरी कामाला जावं लागलं. त्याच सुमारास गावातल्या बँडमध्ये मुलाच्या हाती वाद्य आलं, आधी हॉर्न, मग क्लॅरनेट, मग शाळेत सॅक्सोफोन. तो बोलायचा थांबला आणि वाजवू लागला असं कोणी म्हटलं, तर ते फार चुकीचं होणार नाही. मितभाषी तो आयुष्यभर राहिला.

१९४३ साली शाळा संपवून तो उत्तरेत फिलाडेल्फियाला आला. साखरेच्या कारखान्यात मजुरी आणि संध्याकाळी संगीतशाळा असा क्रम सुरू झाला. ५ जून १९४५ रोजी त्यानं चार्ली पार्करला पहिल्यांदा प्रत्यक्ष ऐकलं आणि तो हादरून गेला. पार्कर म्हणजे त्या पिढीचा देव. आपल्याकडं एखाद्या गायकाची तान ऐकून मुलांनी घर सोडावं, तशी पार्करनं पोरं घराबाहेर काढली. दोन महिन्यांनी, ६ ऑगस्टला, जॉन नौदलात भरती झाला. हिरोशिमावर बाँब पडला तो हाच दिवस. युद्ध संपतच आलं होतं. हवाईत नौदलाच्या बँडमध्ये वर्षभर वाजवून तो परतला. माजी सैनिकांसाठी असलेल्या सवलतीच्या कर्जावर १९५२ मध्ये त्यानं फिलाडेल्फियाच्या नॉर्थ थर्टीथर्ड स्ट्रीटवर एक घर घेतलं. माझ्यासारख्या बँकवाल्याच्या मनात हे कर्ज घर करून राहिलं आहे. कारण पुढचं सगळं त्या घरात घडलं.

पार्करमागं गेलेल्या मुलांनी त्याचे सूर उचलले आणि दुर्दैवानं त्याचं व्यसनही उचललं. पार्कर हेरॉइन घ्यायचा, त्याअर्थी त्या अद्भुत वादनाची किल्ली हेरॉइनमध्ये असणार, असा भाबडा आणि घातक हिशेब किती तरी जणांनी केला. पार्कर १९५५ च्या मार्चमध्ये, अवघ्या चौतिसाव्या वर्षी गेला. तरी तो हिशेब कोणी पुसला नाही. कलावंत म्हटला की थोडंफार असायचंच, हे वाक्य आपणही नाटकाच्या मध्यंतरात सहज बोलून जातो. कोल्ट्रेन १९५० च्या आसपास या गर्तेत उतरला. डिझी गिलेस्पीच्या बँडमध्ये काम मिळालं आणि गेलं. पुढं जॉनी हॉजेससारख्या बुजुर्गाच्या बँडमधूनही व्यसनापायी जावं लागलं. पंचविशी उलटली तरी त्याचं नाव झालं नव्हतं. त्याला गोडाचा सोस भारी, त्यानं दातांची वाट लागलेली. दात दुखत असताना सॅक्सोफोन वाजवायचा, दुखणं बधिर व्हावं म्हणून प्यायचं, असंही ते चक्र होतं.

१९५५ च्या शरदात दोन गोष्टी घडल्या. त्यानं नायमाशी लग्न केलं. मूळ नाव जुआनिटा. तिनं इस्लामचा स्वीकार केलेला होता आणि तिला पहिली एक मुलगी होती. आणि ट्रंपेटवादक माइल्स डेव्हिसनं त्याला आपल्या चमूत घेतलं. माइल्स मोजके सूर लावायचा, कोल्ट्रेन सुरांचा पाऊस पाडायचा. ही जोडी जमली. माइल्सनं स्वतः काही वर्षं हेरॉइनमध्ये घालवून, मग बापाच्या घरी कोंडून घेऊन ते सोडलेलं होतं. त्यामुळं समोरचा माणूस कुठं उभा आहे हे त्याला नेमकं ठाऊक होतं. कोल्ट्रेन रंगमंचावर पेंगायचा, मळलेल्या कपड्यांत यायचा. माइल्सनं सांगून पाहिलं, एकदा तर हात उगारला असंही म्हणतात. अखेर १९५७ च्या वसंतात त्यानं त्याला काढून टाकलं.

त्या वेळी कोल्ट्रेनचं वय तीस. हातात काम नाही, पदरी बायको आणि मुलगी. तो फिलाडेल्फियाच्या त्या घरी आला. आई तिथंच राहत होती. आपण हे सोडणार आहोत, असं त्यानं आईला आणि नायमाला सांगितलं आणि एका खोलीत जाऊन बसला. डॉक्टर नाही, औषध नाही, हेरॉइन नाही, दारूही नाही. लागेल तेव्हा फक्त पाणी. हेरॉइन अचानक तोडल्यावर शरीर काय करतं हे ज्यांनी घरात पाहिलं आहे त्यांना सांगायला नको. आणि हा मार्ग आज कोणी आपल्या मनानं धरूही नये. आता त्यासाठी डॉक्टर आहेत, केंद्रं आहेत. तेव्हा त्याच्यापाशी एक खोली होती आणि दाराबाहेर दोन बायका होत्या. काही दिवसांनी तो बाहेर आला तो मोकळा होऊन. हेरॉइनकडं तो पुन्हा कधी वळला नाही.

त्या खोलीत आपल्याला परमेश्वरी कृपेचा अनुभव आला, असं त्यानं पुढं सात वर्षांनी स्वतः लिहून ठेवलं. आपल्या वाजवण्यानं लोकांना आनंद देता यावा, एवढंच त्यानं मागितलं होतं. श्रद्धेच्या गोष्टीत मी फारसा शिरत नाही. पण त्यानंतरचं खातं उघडून पाहिलं तर जमेची बाजू थक्क करणारी आहे. मे महिन्याच्या अखेरीस त्याच्या नावाची पहिली तबकडी मुद्रित झाली. सप्टेंबरात ‘ब्लू ट्रेन’. आणि मधल्या उन्हाळ्यात थेलोनियस माँकनं त्याला बोलावलं.

माँक हा पियानोवादक म्हणजे एक वल्ली. न्यूयॉर्कच्या क्लबांत वाजवण्याचा पोलिसी परवाना त्याचाही १९५१ मध्ये काढून घेतला गेला होता. तो १९५७ मध्ये परत मिळाला आणि त्याला फाइव्ह स्पॉट नावाच्या लहानशा क्लबात काम मिळालं. स्वतः दाराबाहेर उभ्या राहिलेल्या माणसानं दुसऱ्या तशाच माणसासाठी दार उघडलं. कोल्ट्रेन सकाळी माँकच्या घरी जाऊन त्याला झोपेतून उठवायचा. माँक पियानोशी बसून एखादी रचना दाखवायचा, ती बसेपर्यंत दोघं घोटायचे. रात्री कार्यक्रमात माँक मध्येच पियानो सोडून उठायचा आणि रंगमंचावर स्वतःशीच गिरक्या घेत नाचायचा. कोल्ट्रेन आपला बास आणि ड्रमच्या साथीनं एकटा पुढं जात राहायचा. पोहायला शिकवणाऱ्यानं हात काढून घ्यावा तसंच हे. त्या दोघांचं कार्नेगी हॉलमधलं नोव्हेंबर १९५७ चं वादन जवळजवळ अर्धशतक विस्मृतीत गेलं होतं. २००५ मध्ये ते अमेरिकेच्या राष्ट्रीय ग्रंथालयात सापडलं, तेव्हा हा सहा-सात महिन्यांत घडलेला बदल जगाला कानांनी ऐकता आला.

आणि १९५८ च्या जानेवारीत माइल्स डेव्हिसनं त्याला परत बोलावलं. ज्यानं काढलं त्यानंच घेतलं. १९५९ च्या मार्च-एप्रिलमध्ये या चमूनं ‘काइंड ऑफ ब्लू’ वाजवलं. जाझ न ऐकणाऱ्यांच्या घरीही जी एक तबकडी असते ती हीच. पुढच्याच महिन्यात कोल्ट्रेननं आपल्या ‘जायंट स्टेप्स’चं मुद्रण सुरू केलं. त्यातली शीर्षकरचना म्हणजे भरधाव गाडीतून डबे बदलण्याचा खेळ. स्वरांचा पाया क्षणोक्षणी हलतो आणि वादकानं तोल सांभाळायचा. त्याच तबकडीत ‘नायमा’ ही अगदी संथ, शांत रचना आहे. दाराबाहेर पाणी घेऊन उभ्या राहिलेल्या बाईला दिलेली ती पावती.

त्याच्या रियाझाच्या गोष्टी आपल्याकडच्या घराण्यांत शोभतील अशा आहेत. कार्यक्रमाच्या दोन भागांमध्ये सगळे सिगारेट ओढायला जात, हा मागच्या खोलीत वाजवत असे. रात्री शेजाऱ्यांना त्रास नको म्हणून न फुंकता नुसती बोटं चालवायचा. वाद्य हातात असतानाच झोप लागायची. विस्तार करायला लागला की अर्धा-अर्धा तास थांबायचा नाही. कसं थांबावं ते कळत नाही, अशी तक्रार त्यानं माइल्सकडं केली, तेव्हा माइल्सनं वाद्य तोंडातून काढण्याचा सोपा उपाय सुचवला, असा किस्सा सांगतात.

१९६० मध्ये त्यानं स्वतःचा चमू उभा केला. पियानोवर मकॉय टायनर, ड्रमवर एल्विन जोन्स, पुढं बासवर जिमी गॅरिसन. त्या वर्षीच्या ऑक्टोबरात त्यानं एक साधं गाणं घेतलं, ‘माय फेव्हरिट थिंग्ज’. ‘द साउंड ऑफ म्युझिक’ चित्रपटामुळं आपल्या मुलांनाही हे गाणं पाठ असतं. चित्रपट आला १९६५ मध्ये, पण गाणं मूळ १९५९ च्या नाटकातलं. कोल्ट्रेननं ते सनईसारख्या सरळ, लहान सोप्रानो सॅक्सोफोनवर वाजवलं. मुखडा तोच ठेवला, पण मधल्या जागेत स्वरांचं एकच अंगण घेऊन तो तेरा-चौदा मिनिटं फिरत राहिला. ज्यांना पाश्चात्त्य संगीत कळत नाही, त्यांनी सुरुवात इथून करावी. आपला कान ते चटकन ओळखतो.

ओळखतो, कारण कोल्ट्रेन त्या दिवसांत आपलं संगीत मनापासून ऐकत होता. पंडित रविशंकर यांच्या तबकड्या त्यानं जमवल्या होत्या, त्यांना पत्रं लिहिली होती. नोव्हेंबर १९६१ मध्ये न्यूयॉर्कच्या व्हिलेज व्हॅनगार्ड क्लबात त्यानं ‘इंडिया’ नावाची रचना वाजवली. त्यात दोन डबल बास आहेत आणि खाली तानपुऱ्यासारखा एक स्वर धरून ठेवलेला आहे. पुढं दोघांच्या भेटी झाल्या, रविशंकरांनी त्याला राग आणि ताल यांची तोंडओळख करून दिली. कोल्ट्रेनची विनम्रता त्यांना फार भावली. पण त्याचं वादन प्रत्यक्ष ऐकल्यावर ते अस्वस्थही झाले. इतका सात्त्विक माणूस, शाकाहाराकडं वळलेला, गीता-उपनिषदं वाचणारा, आणि वादनात एवढा आक्रोश कुठून येतो, असा त्यांना प्रश्न पडला. त्यांनी तो त्याला विचारलाही. आपल्याला तेच शिकायचं आहे, सुरांतून शांती कशी द्यायची ते, अशा अर्थाचं काहीसं कोल्ट्रेन म्हणाला होता.

आक्रोश कुठून येतो याचं एक उत्तर १५ सप्टेंबर १९६३ च्या रविवारी सापडतं. अलाबामा राज्यातल्या बर्मिंगहॅम गावी काळ्यांच्या चर्चमध्ये वर्णद्वेष्ट्यांनी बाँब ठेवला. रविवारच्या प्रार्थनेसाठी आलेल्या चार मुली ठार झाल्या. तिघी चौदा वर्षांच्या, एक अकराची. कोल्ट्रेन मोर्च्यात गेला नाही, त्यानं भाषण केलं नाही. दोन महिन्यांनी त्यानं ‘अलाबामा’ मुद्रित केलं. जेमतेम पाच मिनिटांची रचना. ती ऐकताना शोकसभेत कोणी उभं राहून हळू आवाजात बोलतंय असं वाटतं. प्रवचनकाराचा तो नातू होता, हे तिथं कळतं.

त्याच वर्षी त्याचं आणि नायमाचं घर मोडलं. हे लपवण्यात अर्थ नाही. ज्या बाईनं त्याला खोलीबाहेर आणलं तिला सोडून तो गेला आणि पियानोवादक अ‍ॅलिसबरोबर त्यानं नवा संसार मांडला. संतपणाचा शिक्का मारून अशा गोष्टी झाकल्या जातात. सॅन फ्रान्सिस्कोत तर त्याला संत मानणारं एक चर्चच आहे. पण ‘नायमा’ वाजवणं त्यानं शेवटपर्यंत सोडलं नाही. त्यातून काय समजायचं ते ज्यानं त्यानं समजावं.

१९६४ च्या उन्हाळ्याच्या अखेरीस, लाँग आयलंडवरच्या नव्या घरी, तान्हा मुलगा खाली आणि हा माडीवर, असा तो काही दिवस एकटा बसला. पुन्हा एक बंद खोली, पण या वेळी कारण वेगळं होतं. खाली आला तेव्हा चार भागांची एक संपूर्ण रचना तयार होती आणि त्याचा चेहरा शांत होता, असं अ‍ॅलिस सांगायची. ९ डिसेंबर १९६४ रोजी न्यू जर्सीतल्या एका स्टुडिओत चौघांनी एका संध्याकाळी ती वाजवली. तीच ‘अ लव्ह सुप्रीम’, मी आणलेली कॅसेट. १९५७ च्या त्या कृपेबद्दल दिलेलं हे आभारपत्र आहे, असं त्यानं मुखपृष्ठाच्या आत लिहिलं. शेवटच्या भागात त्यानं स्वतः लिहिलेली प्रार्थना आहे, पण गायलेली नाही. शब्द न् शब्द तो सॅक्सोफोनवर वाजवतो. मला जे मागणं वाटलं होतं, ते खरं तर परतफेड होती.

इथं थांबला असता तर सुखानं प्रतिष्ठा भोगता आली असती. तो थांबला नाही. १९६५ पासून त्याचं वादन अधिकाधिक मोकळं, अधिकाधिक बिकट होत गेलं. ताल सुटला, मुखडा सुटला, उरली ती आर्त हाक. श्रोते मध्येच उठून जाऊ लागले. वर्षअखेरीपर्यंत मकॉय टायनरनं चमू सोडला, पाठोपाठ एल्विन जोन्सनंही. पियानोवर अ‍ॅलिस बसू लागली. या काळातलं त्याचं वादन मलाही पूर्ण झेपत नाही, हे कबूल करतो. पण जो माणूस एकदा सगळं गमावून परत आला, त्याला टाळ्या गमावण्याची भीती राहिली नव्हती, एवढं कळतं.

६ ऑगस्ट १९६५ रोजी त्याला मुलगा झाला. त्याचं नाव त्यानं रविशंकरांवरून रवी ठेवलं. हिरोशिमाच्या, आपल्या भरतीच्या त्या तारखेची त्याला आठवण झाली असेल का, नकळे. पण पुढच्या वर्षी जुलैत जपानचा दौरा होता, तेव्हा नागासाकीला उतरल्यावर तो आधी बाँबच्या स्मारकापाशी गेला आणि हात जोडून उभा राहिला. रविशंकरांकडं लॉस एंजल्सला जाऊन काही महिने नीट बसून शिकायचं, असा बेत त्यानं १९६७ साठी ठरवला होता.

तो बेत राहिला. खोलीतून बाहेर आलेल्या माणसाला मन माफ करतं, शरीर जुनी थकबाकी विसरतंच असं नाही. यकृताचा कर्करोग झाला होता. पोट दुखायचं, तो कोणाला फारसं सांगायचा नाही. एप्रिलमध्ये हार्लेममध्ये तो खुर्चीत बसून वाजवला. १७ जुलै १९६७ रोजी लाँग आयलंडवरच्या इस्पितळात तो गेला. वय चाळीस. अ‍ॅलिसच्या पदरी चार मुलं, धाकटा ओरन काही महिन्यांचा.

अ‍ॅलिस पुढं भारतात आली, तिनं संन्यस्त नाव घेतलं, कॅलिफोर्नियात आश्रम काढून ती आपली भजनं आपल्या पद्धतीनं गात राहिली. २००७ मध्ये ती गेली. त्याच वर्षी अमेरिकेतला मानाचा पुलित्झर सन्मान कोल्ट्रेनला मरणोत्तर मिळाला. वडील गेले तेव्हा दोन वर्षांचाही नसलेला रवी मोठा होऊन सॅक्सोफोनच वाजवू लागला. सवलतीच्या कर्जावर घेतलेलं ते फिलाडेल्फियाचं घर १९९९ मध्ये राष्ट्रीय वारसा म्हणून घोषित झालं.

१९५७ चा वसंत ते १९६७ चा जुलै, एवढी दहाच वर्षं. आज कोल्ट्रेन म्हणून जे काही आपण ऐकतो, त्यातलं बहुतेक सगळं या दहा वर्षांतलं, म्हणजे शुद्धीवरचं आहे. नशेनं त्याला काही दिलं असेल तर ते चाळिशीतलं मरण. कलेसाठी व्यसन लागतं म्हणणाऱ्यांनी हा ताळेबंद एकदा पाहावा.

आणि आता आमचा कारकून. माझा विरोध डावलून तो परत आला. मॅनेजरसाहेबांनी निवृत्त होण्याआधी त्याला केबिनमध्ये बोलावून चहा पाजला, एवढंच मी पाहिलं. दारू सोडवायला त्याच्या बायकोनं काय काय केलं ते आम्हाला कधी कळलं नाही. नंतर निवृत्त होईपर्यंत, अठरा वर्षं, दुपारनंतर त्याच्या टेबलाजवळ कोणालाही उभं राहता येत असे. निलंबनाचा अहवाल लिहिण्यात माझं चुकलं असं मला आजही वाटत नाही. माइल्सचंही चुकलं नव्हतं. कधी कधी दार लावावंच लागतं. पण लावलेल्या दाराची कडी आपल्याच बाजूला असते आणि ती केव्हा तरी काढायची असते, हे मला मॅनेजरसाहेबांच्या केबिनमध्ये उमगलं नव्हतं. ते पुष्कळ उशिरा, एका अडकल्यासारख्या वाटणाऱ्या टेपमधून उमगलं.